नियत ओळखणारे इद्रीसशेठ

भिवंडीत जुन्या लूमवाल्यांच्या, म्हणजे यंत्रमागवाल्यांच्या, दोन तऱ्हा. काही जण आयुष्यभर ओरडून बोलतात आणि काही जण आवाजच न काढता. इद्रीसशेठ बुबेरे दोन्ही करत. रस्त्यावर ते असे बोलत की चार घरं सोडून कुणीतरी 'ओ' द्यावी. शेडमध्ये मात्र नुसते ओठ हलवायचे. सगळे लूम एकदम खडखडत असताना कानाशी तोंड नेऊन किंचाळलं तरी काही कळत नाही, म्हणून शेडमधली माणसं एकमेकांच्या ओठांवरून बोलणं वाचतात. नवा कारीगर आला की थोड्याच दिवसांत हे शिकतो, आणि आयुष्य तिथेच काढलं तर पुढे त्याला दुसरं काही ऐकूच येईनासं होतं. इद्रीसशेठ मालक होते, पण त्या खडखडाटाने मालक-नोकर असा भेद केला नाही.

लॉकडाऊननंतर शेड बंद पडली. लूम भंगारात गेले, घराखालच्या त्या शेडमध्ये पुठ्ठ्याच्या खोक्यांचं गोडाऊन झालं, त्याचं भाडं येऊ लागलं. मुलगा इमाद कतारला नोकरीला होता. खाण्यापिण्याची ददात नव्हती. ददात होती ती बोलण्याची. कानाच्या डॉक्टरने मशीन दिलं होतं, पण ते लावलं की माणसांचा आवाज तेवढाच राहायचा आणि डोक्यातली खडखड मात्र दुप्पट व्हायची. शेठनी ते काढून ठेवलं आणि डॉक्टरला, तो समोर नसताना, दोन शेलक्या शिव्या दिल्या. मशिदीत शुक्रवारचं प्रवचन, खुतबा, कळेना. हॉटेलातल्या गप्पा कळेनात, कारण गप्पा मारणारी माणसं तोंड वळवतात, दाढीआड पुटपुटतात आणि वर गुटखा खातात. हळूहळू शेठनी बाहेर जाणंच सोडलं.

बाहेर जायचंच झालं, बँकेत नाहीतर दवाखान्यात, तर मुलगी हफसा सोबत हवी. समोरचा बोलला की ती अब्बांकडे तोंड करायची आणि आवाज न काढता तेच शब्द ओठांवर आणायची. लहानपणी शेडमध्ये बागडता बागडता ती हे शिकली होती. बायको साजिदालाही हे येत होतं, पण साजिदाचा स्वभाव तापट. ती अर्धं सांगायची आणि उरलेलं 'तुमच्या कामाचं न्हाय' म्हणून गिळायची. हफसा शब्द न शब्द द्यायची. समोरच्याने जांभई दिली तर तीही सांगायची. पंचविशी ओलांडलेली ही मुलगी म्हणजे इद्रीसशेठचे दोन्ही कान होते आणि शेठना त्यात काही विशेष वाटत नव्हतं. आपले कान आपल्याजवळ असायचेच, असं माणूस धरूनच चालतो.

कोरियन पिक्चर घरात आणले तेही तिनेच. पूर्णा गावाजवळच्या एका वेअरहाऊसमध्ये ती स्कॅनिंगला होती. सकाळच्या शिफ्टच्या बसमध्ये सगळ्या पोरी मोबाइलवर हिंदीत डब केलेले खून बघत जायच्या. अब्बा दिवसभर भिंतीकडे बघत बसतात हे तिला बघवेना. मग एक दिवस असरच्या, म्हणजे तिसऱ्या प्रहराच्या, नमाजनंतर तिने टेबलावर साखरेच्या बरणीला मोबाइल टेकवून उभा केला, एका कानात इअरफोन घातला आणि मोबाइलच्या शेजारी, अब्बांकडे तोंड करून बसली. डावीकडे कोरिया, उजवीकडे हफसा. पडद्यावर कुणी बोललं की हफसाचे ओठ हलत. पोलीस खेकसला की ती डोळे वटारायची, म्हातारी रडली की तोंड वाकडं करायची. चहाचे कप तसेच गार झाले आणि शेवटी खुनी कोण ते कळल्यावर इद्रीसशेठ इतक्या मोठ्याने "या अल्ला, बायको?" ओरडले की खालून गोडाऊनचा वॉचमन धावत वर आला.

तेव्हापासून शेठना ते व्यसनच लागलं. या पिक्चरांत बंदुका कमी आणि पोटातल्या गोष्टी जास्त. एका पिक्चरमध्ये एक नर्स बेशुद्ध पडलेल्या माणसाची वर्षानुवर्षं सेवा करते. अख्खं हॉस्पिटल तिची वाहवा करतं. शेवटी कळतं की त्याच्यावर गाडी तिनेच घातली होती, आणि तो शुद्धीवर येऊन तोंड उघडेल तेव्हा तिला तिथे पहिली हजर राहायचं होतं. आणि गंमत अशी की सेवा करता करता तिचा त्याच्यावर खरंच जीव जडलेला असतो. म्हणजे ते प्रेम खरं की नियत खोटी, हे सांगता येत नाही. शेठ असं काही पाहिलं की खूष. "बघ, ओठात एक न् पोटात एक. मी सांगितला होता ना!"

सांगितलं त्यांनी कधीच नसायचं. खुनी कोण हे ओळखण्याची बापलेकीची पैज लागायची आणि शेठ प्रत्येक वेळी हरायचे. त्यांचा हिशोब साधा होता. फायदा कोणाचा, ते बघायचं. मग ते बाहेरून आलेल्या, गोड हसणाऱ्या माणसावर बोट ठेवत. हफसाचं बोट भलतीकडेच असायचं, घरातल्याच कुणावर, आणि नेमकं तेच खरं निघायचं.

"तुला कसा कलतं गं?" ते विचारायचे.

"अब्बा, फायदा नका बघू. भीती बघा. कोण जाईल म्हणून कोण घाबरतंय, ते बघा."

"नशीब हाय तुझा," शेठ म्हणायचे आणि पुढच्या पिक्चरमध्ये पुन्हा गोड हसणाऱ्या माणसाच्या मागे लागायचे.

एवढ्यावर थांबतं तर घरोघरी चालतं तसं वेड म्हणून सोडून देता आलं असतं. पण शेठ आता घरी येणाऱ्या माणसांनाही त्याच नजरेने तपासू लागले. आणि त्याच दिवसांत हफसाला रिश्ते येऊ लागले.

कोकणी मुसलमानांत रिश्ता मोडायची एक सभ्य वाट आहे. मुलीच्या बापाने निरोप धाडायचा की इस्तिखारा बरोबर आला नाही. म्हणजे, नमाज पढून अल्लाकडे कौल मागितला आणि मन 'नको' म्हणालं. यावर कुणी वाद घालत नाही, कुणाला अपमानही वाटत नाही. अल्लाच नको म्हणाला तर माणसाने काय बोलायचं? पहिला मुलगा पनवेलचा होता. तो फार हसला. "असा हसणारा मानूस पिक्चरमधी मध्यापर्यंतच चांगला असतो," असं ठरवून शेठनी इस्तिखाऱ्याचा निरोप धाडला. दुसरा रंगखात्यात, कापड रंगवायच्या कामाला, तो अजिबात हसला नाही. त्यालाही तोच निरोप गेला. दोन्ही वेळा शेठ नमाजेला उभे राहिलेच नव्हते. ही गोष्ट फक्त त्यांना आणि ज्याच्या नावाने ते खोटं बोलले त्यालाच ठाऊक होती.

तिसरा खालिद. कोन गावचा राहणारा, हफसाच्याच वेअरहाऊसमध्ये डिस्पॅचला होता. शांत, रापलेल्या चेहऱ्याचा, थोडा लाजरा. त्याच्या घरून लग्नाचा पैगाम आला तेव्हा साजिदाच्या लगेच लक्षात आलं की हा रिश्ता नुसता आलेला नाही, हफसाच्या मनातून आलेला आहे. पोरीने त्या दिवशी न सांगता सगळं घर झाडलं होतं आणि घावन करताना दोन करपवले होते.

खालिद, त्याची आई आणि मामू आले. मामूंचा ट्रकचा धंदा. बोलणी नीट झाली, शेठनी हफसामार्फत दोन-चार प्रश्न विचारले, खालिदने उत्तरं दिली. देताना तो हफसाकडे न बघता थेट शेठच्या तोंडाकडे बघून, शब्द सावकाश तोडून बोलत होता. शेठना ते आवडायला हवं होतं. त्यांना तो आगाऊपणा वाटला.

मंडळी निघाली. शेठ वरच्या गॅलरीत उभे राहिले आणि खाली फाटकाशी घुटमळणाऱ्या मामूंकडे बघू लागले. खालच्यांना वाटलं, बहिरा माणूस, अंतरही एवढं, त्याला काय कळणार? लूमवाल्याला अंतर काही वाटत नाही. मामू खालिदच्या आईला म्हणाले, "शेड रस्त्याला लागून हाय. दोन ट्रक आरामात आत जातील." शेठनी शब्द न शब्द अचूक वाचला. त्यांचं काळीज उडालं आणि लगेच जागेवरही आलं, कारण आता त्यांच्या हातात पुरावा होता. शेड! लूम गेले तरी रस्त्यालगतच्या जागेला सोन्याचा भाव आलेला. पोरीच्या नावाने शेड गिळायला आलेत हे लोक.

"मामू ट्रकवाला हाय," साजिदा म्हणाली. "फाटक दिसला की त्याला ट्रक दिसनारच. न्हाव्याची नजर डोक्यावर जाते तशी."

"नियत हाय त्यांची!"

"असंल मामूची. लगीन मामूशी लावताव काय? पोराला काय दिसला तुमाला?"

शेठना पोरात काही दिसलं नव्हतं. म्हणूनच जास्त संशय आला. त्यांनी निरोप धाडला: इस्तिखारा बरोबर आला नाही.

हफसाला सांगितलं तेव्हा ती भांडी विसळत होती. तिने नळ बंद केला, हात पुसले, अब्बांकडे तोंड केलं आणि म्हणाली, "तुम्ही सांगाल तसं." दुसऱ्या दिवशी असरनंतर मोबाइल पुन्हा साखरेच्या बरणीला टेकला. हफसा शेजारी येऊन बसली, ओठ हलू लागले. पोरगी समजूतदार आहे, शेठ मनात म्हणाले, आणि त्यांना फार बरं वाटलं. इतकं बरं की त्याची त्यांनाच लाज वाटायला हवी होती.

ईद आली, गेली. खालिदकडून पुन्हा विचारणा झाली नाही, निदान शेठच्या कानावर तरी काही आलं नाही. अर्थात त्यांच्या कानावर काय यायचं ते हफसाच्या ओठांवरूनच यायचं.

मग तो दीपगृहाचा पिक्चर लागला.

समुद्राकाठचं गाव. दीपगृहावरचा दिवा सांभाळणारा एक म्हातारा आणि त्याची तरणी मुलगी. मुलीला मागणी घालायला येणारा माणूस परत जाताना नाहीसा होतो. एक गेला, मग दुसरा. गावात होड्यांचा एक दलाल असतो, त्याचाही मुलीवर डोळा. शेठनी लगेच दलालावर बोट ठेवलं. हफसाने त्या दिवशी पैज लावलीच नाही. अर्ध्यावर तिचे ओठ जरा मंदावले, मधली दोन-तीन वाक्यं तिने सोडून दिली. शेठना वाटलं, शिफ्टने थकली असेल.

शेवटी पोलीस त्या म्हाताऱ्यासमोर बसतो, त्याच्यापुढे गरम शेवयांचा वाडगा ठेवतो. म्हातारा खात नाही. तो बोलायला लागतो, बराच वेळ बोलतो. मुलगी काचेपलीकडे उभी असते. हफसा म्हणाली, "सांगतोय, दलालाला पकडलंत, फार उपकार झाले. आता माझी पोरगी सुखात राहील."

"बघ! या वक्ताला मी जिंकलो!" शेठ टाळी वाजवून म्हणाले.

हफसा हसली. "जिंकलात अब्बा."

शेठ जिंकले खरे, पण चैन पडेना. त्यांनी आयुष्यभर तोंडं वाचली होती. तुटलेला धागा तसाच चालू देऊन कापडाचं अख्खं थान खराब केलेला कारीगर मालकासमोर येतो, तेव्हा त्याचा चेहरा कसा होतो ते त्यांना पाठ होतं. तो म्हातारा उपकार मानणाऱ्या बापासारखा दिसत नव्हता. त्या कारीगरासारखा दिसत होता. आणि दलालाला पकडल्याचं तर कुठे दाखवलंच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी हफसा ड्युटीवर असताना त्यांनी साजिदाला हाक मारली. साजिदा तांदूळ निवडत होती. तिला हे पिक्चर म्हणजे रिकामपणाचं लक्षण वाटायचं. पण शेठनी मोबाइल तिच्या हातातच दिला. "हा म्हातारा काय बोलतंय, तेवढा सांग. खोटा नको सांगू."

साजिदाने इअरफोन घातला. ऐकता ऐकता तिचा हात ताटात थांबला. मग ती नवऱ्याकडे वळली आणि एकेक शब्द ओठांवर ठेवत बोलू लागली. "बोलतंय, दोघांना मीच बुडवला. पोरं वाईट नव्हती. पोरगी गेली असती तर मी वर एकटा कोनासाठी दिवा लावला असता? बोलतंय, मी तिच्यावर लय प्रेम केला, म्हनून केला."

शेठनी मोबाइल तिच्या हातातून घेतला. मग म्हणाले, "हफसाने दुसराच सांगितला मला."

"मग काय सांगनार ती?" साजिदा आता आवाजाने ओरडत होती आणि ओठही हलत होते. "बापाच्या तोंडावर सांगनार, का अब्बा, ह्यो तुमीच हाव? तिला कवाच समजला होता. मलाबी समजला होता. सगल्या दुनियेची नियत बघताव, येकदा आपली बघा! खालिद तिला घेऊन गेला का तुमाला बाजारात कोन नेनार, याची भीती होती तुमाला. शेड-बिड काय न्हाय."

"मी असा इचार केलाच न्हाय गं," शेठ म्हणाले, आणि ते खरं होतं. एकदाही, चुकूनही, हा विचार त्यांच्या मनात उघडपणे आला नव्हता. तो आत कुठेतरी बसून आपलं काम करत राहिला होता.

"इस्तिखारा केला होतात?" साजिदाने विचारलं. "खालिदच्या वक्ताला? येकदा तरी?"

शेठनी मान खाली घातली. साजिदा उठली, तांदळाचं ताट तसंच टाकून आत गेली. त्या दिवशी असरच्या नमाजेला इद्रीसशेठ उभे राहिले, पण काय पढावं ते त्यांना सुचेना. तीन पोरांना अल्लाच्या नावाने खोटं सांगून परत पाठवलं होतं. माफी कुणाकडे मागायची? अल्ला माफ करील, तो मोठा आहे. पण हफसाला त्याने काय मिळणार होतं? शेठना एकच सुचलं. कोनला जायचं, खालिदच्या आईपुढे हात जोडायचे, सगळं खरं सांगायचं आणि मोडलेला रिश्ता पुन्हा जोडायचा. हफसाला बरोबर न्यायचं नाही. आपल्या कामासाठी तिचे ओठ आता वापरायचे नाहीत.

वेअरहाऊसमध्ये सेलचा सीझन होता. रविवारीही ड्युटी होती आणि हफसाने ती मागून घेतली होती, कोणी न सांगता. शेठनी त्याच सकाळी धुतलेला कुर्ता घातला आणि कल्याण रोडला जाऊन कोनची शेअर रिक्षा पकडली. रिक्षावाला काय म्हणाला ते कळलं नाही, त्यांनी नोट पुढे केली आणि परत मिळालं तेवढं खिशात घातलं. बऱ्याच दिवसांनी ते एकटे कुठे तरी निघाले होते. त्यांना भीती वाटत होती, आणि थोडी उमेदही. बापच चालून आल्यावर कोण नाही म्हणेल?

खालिदच्या दारात गर्दी होती. बायका नटलेल्या, पोरं इकडून तिकडे धावणारी, मामूंचा एक टेम्पो फुलांच्या माळा लावून उभा. बायकांच्या हातांत रुमालांनी झाकलेली ताटं. कानाने नीट ऐकू येणाऱ्या माणसाला चार शब्द कानी पडून सगळं उमजलं असतं. हफसा सोबत असती तर तिने फाटकाशीच त्यांना थांबवलं असतं. इद्रीसशेठ मात्र गर्दीत घुसले, कारण त्यांना मध्ये उभी असलेली खालिदची आई दिसली होती, आणि ठरवलेलं सगळं विसरायच्या आत बोलून टाकायचं होतं.

"आपा, माझा चुकला!" ते म्हणाले. त्यांना वाटलं, आपण हळू बोलतोय. "इस्तिखारा मी केलाच नव्हता! अल्लाच्या नावावर खोटा बोललो! हफसाला तुमचा पोरगा पसंत हाय, मलाबी हाय. माझ्या पदरात घाला. पाया पडतो तुमच्या!"

सगळी हालचाल थांबली. बायकांच्या हातांतली ताटं तिथल्या तिथे राहिली. कडेला सफेद टोपीतला एक गृहस्थ उभा होता, तो आधी शेठकडे आणि मग मामूंकडे बघू लागला. तो अंबाडीहून आला होता, खालिदसाठी ठरलेल्या मुलीचा चाचा, मंडळींना साखरपुड्याला घेऊन जायला. शेठना यातलं काहीच माहीत नव्हतं. त्यांना फक्त तोंडं दिसत होती, एकदम दहा-पंधरा, सगळी एकाच वेळी बोलणारी, आणि त्यातलं एकही वाचता येत नव्हतं. खालिदच्या आईने पदर तोंडाला लावला होता. मामूंनी त्यांचा दंड धरला आणि ओट्यावर बसवलं. कुणीतरी सरबताचा ग्लास हातात दिला. शेठ ग्लास धरून या तोंडाकडून त्या तोंडाकडे बघत राहिले. "काय झाला? कोनी तरी सांगा मला," ते म्हणत होते.

मग घरातून खालिद बाहेर आला. अंगात नवी शेरवानी. ती बघितल्याबरोबर शेठना सगळं कळलं.

खालिद त्यांच्या पुढ्यात उकिडवा बसला, नव्या कपड्यांची पर्वा न करता. त्याने आपलं तोंड त्यांच्या तोंडासमोर आणलं आणि आवाज अजिबात न काढता बोलायला सुरुवात केली. बारीक शब्दही नीट उघडून, दातांत न चावता, लूमच्या शेडमध्ये जन्म काढल्यासारखं. पाठीमागच्या माणसांना वाटलं, तो नुसता गप्प बसलाय.

"चाचा, घाबरू नका. आज माझा साखरपुडा हाय, अंबाडीला."

शेठ त्याच्या ओठांकडे बघतच राहिले. "तू हा कुठं शिकला?"

"हफसाने शिकवलं. डबा खाताना. मीच बोललो होतो तिला, चाचांशी बोलायला कोणी मध्ये नको. लग्नानंतर तुमच्याकडे येऊन राहायचं ठरवलं होतं आम्ही. न्हाय जमलं तर रोज जाऊन-येऊन तरी." तो थांबला. त्याचे ओठ थरथरले, पुन्हा नीट झाले. "तुमचा निरोप आल्यावरही मी थांबलो. ईदपर्यंत थांबलो. तिलाच विचारलं. तीच नको बोलली. बोलली, अब्बांना मी दिसले न्हाय तर ते बसल्या जागी संपतील."

"आता?" शेठ मोठ्याने म्हणाले. अख्ख्या अंगणाने ऐकलं. "आता काय करू मी?"

"आता काय न्हाय, चाचा. ती अंबाडीची मुलगी सकाळपासून तयार होऊन बसली असेल. तिचा काय गुन्हा?"

इद्रीसशेठनी सगळ्यांच्या नियतमध्ये खोट शोधली होती, आणि या पोराच्या मनात दडवलेली गोष्ट ही निघाली की त्याला एका बहिऱ्या म्हाताऱ्याशी बोलता यावं. त्या दिवशी बैठकीत तो त्यांच्या तोंडाकडे बघून शब्द तोडत होता तेव्हा शिकलेला धडा दाखवत होता, आणि त्यांनी त्याला आगाऊ ठरवलं होतं. त्यांना ओक्साबोक्शी रडावंसं वाटलं. पण लोकांच्या शुभकार्यात, मुलीकडच्या माणसासमोर, आणखी काय तमाशा करायचा? त्यांनी हात खालिदच्या डोक्यावर ठेवला. "मुबारक हो," म्हणाले. मग उठून त्या टोपीवाल्या चाचांसमोर गेले आणि, शक्य तेवढ्या हळू, म्हणाले, "पोरगा हिरा हाय. माझ्या बोलन्यावर जाऊ नका. मला ऐकायला येत न्हाय, डोक्यावरबी थोडा परिनाम झालाय." स्वतःला वेडा ठरवण्यापलीकडे त्या पोरासाठी करण्यासारखं काही उरलं नव्हतं. चाचांनी त्यांना दिलासा दिल्यासारखं काहीतरी म्हटलं. काय ते शेठना कळलं नाही.

टेम्पो निघाला. मामूंनी एका पोराला सांगून शेठना मोटारसायकलवरून घरी पोचवलं.

हफसा संध्याकाळी आली तेव्हा ते टेबलाशीच बसून होते. साजिदाने तिला दारातच सगळं सांगितलं असावं, कारण ती आली ती बॅग न ठेवता सरळ समोर येऊन बसली. नेहमीच्या जागी नाही, मोबाइल लावायचा त्या बाजूला नाही, अगदी समोर. तिचे डोळे कोरडे होते.

"हफसा," ते म्हणाले, "आता जो रिश्ता येल त्याला मी हां बोलनार. बघनारबी न्हाय कोन हाय ते. तू जा गं. माझी फिकीर नको करू."

"आता नको, अब्बा," ती म्हणाली.

"का नको? माझ्यासाठी?"

"न्हाय. आता माझ्यासाठी."

ते तिच्या चेहऱ्याकडे बघत राहिले. तिच्या मनात राग असता तर त्यांना सोसवला असता. तिथे राग नव्हता. तिथे एक मोठं माणूस बसलं होतं, ज्याला त्यांच्याकडून आता काही नको होतं. तिने बॅगेचा पट्टा खांद्यावर सारखा केला. मग तिने विचारलं,

"मुलगी कशी हाय?"

इद्रीसशेठनी मुलगी पाहिलीच नव्हती. ती अंबाडीला होती, आणि टेम्पो निघाला तेव्हा ते कोनच्या ओट्यावर बसून होते. हे हफसालाही ठाऊक असणार.

"चांगली हाय," ते म्हणाले.

"बरं झालं," हफसा म्हणाली, आणि उठून बॅग ठेवायला आत गेली.